ईरी कालवा 'महापौर' क्लिंटन यांनी खोदला?

न्यूयॉर्कचे महापौर डिविट क्लिंटन यांच्या डोक्यातून ईरी सरोवर आणि हडसन नदी जोडणाऱ्या ईरी कालव्याची कल्पना निघाली आणि महापौर असतानाच त्यांनी तो खोदून घेतला, असं सर्रास सांगितलं जातं. नुसत्या तारखा पाहिल्या तरी ही कथा टिकत नाही. क्लिंटन १८०३ ते १८१५ या काळात, मधले दोन खंड सोडता, महापौर होते. कालव्याची पहिली कुदळ पडली ४ जुलै १८१७ ला, म्हणजे ते न्यूयॉर्क राज्याचे गव्हर्नर झाल्यावर तीन दिवसांनी. कल्पनाही त्यांची नव्हे. जेसी हॉली नावाच्या कर्जबाजारी व्यापाऱ्याने १८०७ मध्ये तुरुंगात बसून, टोपणनावाने त्यावर लेखमाला लिहिली होती. क्लिंटन १८१० पासून कालवा आयोगावर होते, हे मात्र खरं. गंमत म्हणजे न्यूयॉर्क शहराच्याच आमदारांचा कालव्याला विरोध होता!

मग महापौर करत काय? तेव्हा महापौर निवडून येत नसे; राज्याकडून नेमला जाई आणि न्यायाधीशाच्या खुर्चीतही बसे. १८१३ मधल्या चोरीच्या एका खटल्यात फादर कोलमन यांनी चोरीचा माल मालकाला परत मिळवून दिला, पण कन्फेशनमध्ये, म्हणजे धर्मगुरूपुढे दिलेल्या पापाच्या गुप्त कबुलीत, कळलेली नावं सांगायला साफ नकार दिला. धर्मगुरूवर तशी सक्ती करता येणार नाही, असा निर्णय क्लिंटन यांच्या न्यायालयाने दिला. मला विचाराल तर त्यांच्या महापौरकीतलं मोठं काम हेच.

कालव्याच्या श्रेयाचं म्हणाल, तर १८२४ मध्ये विरोधकांनी त्यांना आयोगावरून हाकललं. लोक भडकले आणि त्याच वर्षी त्यांनी क्लिंटनना पुन्हा गव्हर्नर केलं.