शर्ली टेम्पल लहान मुलगी नव्हती म्हणे!

परत तोच फॉरवर्ड आलाय ग्रुपवर, की १९३० च्या दशकातली ती कुरळ्या केसांची हॉलीवूडची बालकलाकार शर्ली टेम्पल म्हणजे तीस वर्षांची बुटकी बाई होती आणि हॉलीवूडने जगाला उल्लू बनवलं. अहो नाही! ही अफवा तेव्हाचीच आहे, युरोपात एवढी पसरली होती की व्हॅटिकनने फादर सिल्व्हियो मसांते नावाचे पाद्री चौकशीला पाठवले, बोला आता.

लोकांना शंका यायची कारण तिचे दात कधी पडलेले दिसायचे नाहीत. दुधाचे दात पडायचेच हो, पण शूटिंगला त्या जागी खोटे दात बसवायचे. केस म्हणजे विग अशीपण बोंब होती, लोक खरंच ओढून बघायचे बिचारीचे. प्रत्यक्षात आई रोज रात्री पिना लावून कुरळे करायची, मोजून ५६ बटा!

आता गंमत बघा, वयात घोळ होताच, पण उलटा. जन्म २३ एप्रिल १९२८ चा, फॉक्स स्टुडिओने १९२९ करून टाकला, का तर पोरगी जितकी लहान तितकं कौतुक जास्त. तिला स्वतःलाही माहीत नव्हतं, बारावा म्हणून साजरा केलेल्या वाढदिवसाला कळलं की आपण तेरा वर्षांचे आहोत. म्हणजे लपवलं ते एकच वर्ष, चोवीस-पंचवीस नाही.

नंतर ती घानात आणि चेकोस्लोव्हाकियात अमेरिकेची राजदूत होती, २०१४ मध्ये ८५ व्या वर्षी गेली. फॉरवर्डवाल्यांच्या हिशोबाने शंभरी कधीच पार झाली असती की!