‘१%’चा पॅच आणि कुणालाच न सापडलेलं विधान

काही मोटरसायकल क्लबांच्या जॅकेटवर शंकरपाळ्याच्या आकाराचा ‘१%’ असा पॅच असतो. त्यामागची गोष्ट ठरलेली: जुलै १९४७ मध्ये कॅलिफोर्नियातल्या हॉलिस्टर गावात बाइकस्वारांनी धिंगाणा घातला, तेव्हा अमेरिकन मोटरसायकल असोसिएशन म्हणाली, ‘९९ टक्के स्वार कायदा पाळणारे आहेत.’ उरलेल्या एका टक्क्याने ते बिरुद मिरवलं.

गंमत अशी, की खुद्द संघटनेनेच नंतर सांगितलं, असं विधान केल्याची आमच्याकडे नोंद नाही. धिंगाणा मात्र खरा होता. ‘लाइफ’ मासिकाने बाटल्यांच्या ढिगात बसलेल्या स्वाराचा फोटो छापला आणि तोच लक्षात राहिला. तो मुद्दाम जुळवून काढल्याचा आरोप आजही होतो.

पाठीवरचा पॅच सहसा तीन तुकड्यांचा: वर कमानीत क्लबचं नाव, मध्ये चिन्ह, खाली प्रदेश. वाद पेटतो तो खालच्या कमानीवरून, कारण ती त्या भागावरचा हक्क सांगते. म्हणून नुसत्या फिरस्त्या मंडळांनी एकसंध पॅच लावणं शहाणपणाचं.

सॉफ्टवेअरमधली चूक सुधारणाऱ्या तुकड्यालाही ‘पॅच’ म्हणतात, पण तो शब्द जॅकेटवरच्या पॅचवरून आलेला नाही. तो पूर्वी संगणकाचे प्रोग्रॅम ज्यावर साठवत, त्या छिद्रं पाडलेल्या कागदी फितीवरचा: चुकीचं छिद्र चिकटपट्टीने बुजवायचं किंवा तेवढा तुकडा कापून नवा डकवायचा. अमेरिकी रेल्वेत पॅच म्हणजे इंजिनावरचा रंगाचा चौकोन. १९९६ मध्ये सदर्न पॅसिफिक ही रेल्वे कंपनी युनियन पॅसिफिक या दुसऱ्या रेल्वे कंपनीत विलीन झाली, तेव्हा अनेक इंजिनं पूर्ण न रंगवता जुना नंबर झाकून त्यावर नवा टाकला.