इसाबेल कूपर: जनरलच्या चरित्रात हरवलेली नटी

फिलिपिनी सिनेमातलं पहिलं चुंबन म्हणून ज्याची नोंद होते ते १९२६ सालचं. चित्रपट ‘आंग तात्लोंग हांबोग’, म्हणजे तीन बढाईखोर; नट लुईस तुआसोन आणि नटी इसाबेल रोसारिओ कूपर. दिग्दर्शक होजे नेपोमुसेनो. त्यांनीच १९१९ मध्ये ‘दालागांग बुकिद’ काढून तिथल्या चित्रपटसृष्टीची सुरुवात केली होती. तो चित्रपट सारसुवेलावरून, म्हणजे आपल्या संगीत नाटकासारख्या प्रकारावरून घेतलेला. मूकपट असूनही नायिका आतांग दे ला रामा खेळाच्या वेळी थिएटरात हजर राहून गाणं म्हणायची.

मनिलाच्या पडद्याला नट्या मिळायच्या त्या अशा रंगभूमीवरूनच. इसाबेलही बोदाबिलमधून आली. अमेरिकी राजवटीबरोबर आलेल्या नाच-गाणी-नकलांच्या खेळांना तिथे बोदाबिल म्हणत. आई फिलिपिनी, वडील अमेरिकी. रंगमंचावर ती ‘डिंपल्स’ म्हणून ओळखली जाई. त्या काळातले फिलिपिनी मूकपट जवळजवळ सगळेच नष्ट झालेत, त्यामुळे ती अभिनय कसा करायची हे ताडून पाहायची सोय नाही. उरली ती चुंबनाची ख्याती.

१९३० मध्ये मनिलात तिची गाठ अमेरिकी लष्कराच्या जनरल डग्लस मॅकआर्थरशी पडली. तो पन्नाशीचा, ती जेमतेम सोळा वर्षांची. तो लष्करप्रमुख होऊन वॉशिंग्टनला गेला आणि मागोमाग तिलाही बोलावून घेतलं, पण ठेवलं वेगळ्या घरात, आपल्या आईच्या नकळत. तिला भारी किमोनो पुष्कळ मिळाले, रेनकोट मात्र नाही, असं सांगतात. बाहेर जायचंच कुठे होतं! इकडे मनिलात लवकरच बोलपट आले. गाता येणाऱ्या नटीला याहून चांगली वेळ कुठली? पण ती तिथे नव्हती.

१९३४ मध्ये पत्रकार ड्रू पिअरसनवर मॅकआर्थरने साडेसतरा लाख डॉलरचा अब्रुनुकसानीचा दावा लावला. पिअरसनने इसाबेलला शोधून काढलं. जनरलची प्रेमपत्रं तिच्याजवळ होती. दावा निमूट मागे घेतला गेला आणि तिला १५ हजार डॉलर मिळाले.

मॅकआर्थरच्या चरित्रात ती येते ती एवढ्याच प्रकरणापुरती. खरं तर पुढेही ती कामाच्या शोधातच होती. हॉलिवूडमध्ये मात्र आशियाई नायिकांच्या भूमिकाही गोऱ्या नट्याच करत. १९४६ च्या ‘ॲना अँड द किंग ऑफ सयाम’मध्ये तुपतिम ही सयामी तरुणी झाली ती गोरी लिंडा डार्नेल, त्याच चित्रपटात इसाबेलला किरकोळ काम होतं, श्रेयनामावलीत नावही नाही. १९६० मध्ये लॉस एंजेलिसला झोपेच्या गोळ्यांच्या अतिसेवनाने ती गेली.