कॉन्सुलपदाची उमेदवारी: पात्रता, मुदत आणि वेशीवरची अडचण

प्राचीन रोममध्ये दरवर्षी दोन कॉन्सुल, म्हणजे राज्याचे सर्वोच्च अधिकारी, निवडले जात. या पदाला उभं राहायचं तर भरायला अर्ज नव्हता, जोडायला दाखले नव्हते. निवडणूक चालवणाऱ्या अधिकाऱ्यापुढे जाऊन नाव सांगायचं, त्याने ते यादीत घ्यायचं. इतकं सोपं, तरी भलेभले याच पायरीवर अडले.

पात्रता थोडक्यात. पदांच्या वयाला इ.स.पू. 180 मध्ये कायद्याने बंधन आलं, इ.स.पू. 81 च्या सुमारास रोमची सत्ता हाती घेतलेल्या सुल्लाने ते पक्कं केलं: क्वेस्टर (खजिन्याचा अधिकारी) 30, प्रीटर (कॉन्सुलच्या खालचा, न्यायदान पाहणारा अधिकारी) 39, कॉन्सुल 42. प्रीटर झाल्याशिवाय कॉन्सुल नाही, मधे दोन वर्षं जायला हवीत. दुसऱ्यांदा कॉन्सुल व्हायचं तर दहा वर्षांनी. दहा मोहिमांच्या लष्करी सेवेचा जुना दंडक मात्र पुढे सैल झाला. पुढे कॉन्सुल झालेला वक्ता सिसेरो, त्याची सेवा अगदी थोडकी होती.

आता मुदत. मतदानाचा दिवस म्हणजे शेवटची तारीख, असं समजू नका. नाव नोंदवणं आणि मतदान यांच्यामध्ये तीन आठवडी बाजार पडावे लागत, आणि रोमचा बाजार दर आठव्या दिवशी भरे. कॉन्सुल होऊ पाहणारा कॅटिलिना आफ्रिका प्रांताचा कारभार करून आला, पण प्रांतातल्या लोकांना लुबाडल्याचा आरोप डोक्यावर असल्याने त्याला मुदतीत नाव देता आलं नाही. ती निवडणूक हुकली.

शिवाय हातात कागद नसल्यामुळे सगळी भिस्त त्या एका अधिकाऱ्यावर. इ.स.पू. 67 मध्ये कॉन्सुल पिसोने पालिकानस या उमेदवाराबद्दल सरळ सांगितलं, लोकांनी निवडून दिला तरी मी त्याचं नाव जाहीर करणार नाही. दाद मागायची कुणाकडे?

सर्वांत मोठी अडचण सेनानींची. नाव शहरात स्वतः येऊन द्यायचं. पण विजययात्रा हवी असलेल्या सेनापतीने ती निघेपर्यंत शहराची पवित्र वेस ओलांडायची नाही; ओलांडली की सेनापतीचा अधिकार संपला, यात्राही गेली. दोन्ही नियम आपापल्या जागी बरोबर, पण एकाच माणसावर दोन्ही लागू झाले की सुटका नाही. इ.स.पू. 60 मध्ये सीझर स्पेनहून जिंकून परतला तो असा वेशीबाहेर थांबलेला. गैरहजेरीत नाव घ्यावं, ही त्याची विनंती सिनेटपुढे, म्हणजे राज्यकारभार पाहणाऱ्या सभेपुढे, आली. त्याचा विरोधक केटो बोलायला उभा राहिला तो सूर्य मावळेपर्यंत बोलत राहिला, आणि सूर्यास्तानंतर सिनेटला ठराव करता येत नसे. मुदत संपत आली होती. सीझरने विजययात्रेवर पाणी सोडलं, वेस ओलांडून आत आला आणि नाव दिलं. 59 साली तो कॉन्सुल झाला.

ज्यांच्यापुढे हा पेच असेल त्यांनी सवलत लेखी आणि वेळेत घ्यावी. इ.स.पू. 52 मध्ये सीझरला गैरहजेरीत उभं राहण्याची मुभा कायद्याने मिळाली. त्याच वर्षी कॉन्सुल असलेल्या पॉम्पीने उमेदवाराच्या हजेरीचा नवा कायदा केला, त्यात सीझरचा अपवाद घालायचा राहिला. कायदा ब्राँझच्या पत्र्यावर कोरून खजिन्यात जमा झाल्यावर पॉम्पीने ती ओळ वाढवली. अशा मागाहून घातलेल्या ओळीचं वजन किती, यावर भांडायला विरोधकांना आयती जागा मिळाली. वाद मिटला नाही, आणि इ.स.पू. 49 च्या जानेवारीत सीझर आपल्या प्रांताची हद्द असलेली रुबिकॉन नदी सैन्यासह ओलांडून इटलीत आला; यादवी युद्ध सुरू झालं. 48 सालच्या कॉन्सुलपदासाठी तो उभा राहिला तेव्हा दहा वर्षांची अट बरोबर पुरी होत होती. ती निवडणूक हुकूमशहा (रोममधलं आणीबाणीचं पद) या नात्याने त्याने स्वतःच घेतली.