ग्राफिंग कॅल्क्युलेटरवर गेम टाकणे (बेळगाव सीमाभाग)

समीकरणाचा आलेख पडद्यावर काढून दाखवणारा आणि स्वतःचे प्रोग्रॅम साठवू शकणारा कॅल्क्युलेटर म्हणजे ग्राफिंग कॅल्क्युलेटर. कारखान्यातून सोबत न आलेला खेळ अशा यंत्रात बसवायचा, म्हणजे त्याच्या कळांवर तो लिहायचा, दुसऱ्या कॅल्क्युलेटरवरून वायरीने घ्यायचा किंवा संगणकावरून फाइल पाठवायची. बोलण्यात या तिन्ही प्रकारांना 'गेम टाकणे' म्हणतात. टेक्सास इन्स्ट्रुमेंट्स (टीआय), कॅसिओ, एचपी आणि फ्रान्सची नमवर्क्स या कंपन्यांच्या यंत्रांवर हे सर्रास चालते.

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी या पट्ट्यात हे यंत्र शाळा-कॉलेजच्या मार्गाने फारसे येत नाही, कारण इथल्या परीक्षांना त्याची गरजच नसते. पीयूसीनंतरची (कर्नाटकातल्या अकरावी-बारावीनंतरची) कर्नाटकची प्रवेश परीक्षा सीईटी, सीमेपलीकडे चंदगड-कोल्हापूरला बारावी केलेल्यांची एमएचटी-सीईटी आणि दोघांची सामाईक जेईई मेन, या तिन्हींत कॅल्क्युलेटर आत नेता येत नाही. गेट या अभियांत्रिकीच्या पदव्युत्तर प्रवेश परीक्षेला पडद्यावरचाच कॅल्क्युलेटर वापरावा लागतो. विश्वेश्वरय्या तांत्रिक विद्यापीठाचे मुख्यालय बेळगावातच आहे. त्याच्या अभियांत्रिकी परीक्षांना मुले प्रोग्रॅम न करता येणारा सायंटिफिक कॅल्क्युलेटर नेतात, बहुतेक वेळा कॅसिओ एफएक्स-९९१ मालिकेतला. त्यामुळे खडेबाजार किंवा गणपत गल्लीतल्या स्टेशनरीच्या दुकानात सायंटिफिक लगेच मिळतो, ग्राफिंग सहसा मिळत नाही. तो घरात येतो तो अमेरिकेत किंवा युरोपात शिकून आलेल्या आतेभावाच्या, मामेबहिणीच्या सामानातून, नाहीतर जुन्या वस्तूंच्या ऑनलाइन बाजारातून.

एफएक्स-९९१ वर गेम टाकता येईल का, हा प्रश्न हमखास विचारला जातो. त्याला संगणकाशी जोडायचे पोर्ट नाही आणि फाइल ठेवायला जागाही नाही, त्यामुळे या अर्थाने गेम टाकता येत नाही. पैसे घेऊन तसे करून देतो म्हणणाऱ्यावर विश्वास ठेवू नये.

पूर्वपीठिका

पहिला ग्राफिंग कॅल्क्युलेटर कॅसिओने १९८५ मध्ये आणला, एफएक्स-७०००जी. प्रोग्रॅमसाठी त्यात ४२२ बाइट होते. युनिकोडच्या रूढ साठवणीत देवनागरीचे एक चिन्ह ३ बाइट घेते, म्हणजे तेवढ्या जागेत मराठी मजकूर जेमतेम १४० चिन्हांचा बसला असता. तरीही लोकांनी त्यात खेळ लिहिले. टीआयचा पहिला ग्राफिंग कॅल्क्युलेटर, टीआय-८१, १९९० मध्ये आला.

खरा पालट १९९४ च्या सुमारास झाला. टीआय-८५ ची सगळी मेमरी बॅकअप म्हणून संगणकावर उतरवता येते आणि परत चढवता येते, हे सर्वांना ठाऊक होते. हौशी मंडळींनी ती बॅकअपची फाइलच मधे बदलली आणि कंपनीने दार न ठेवलेल्या जागी स्वतःचा मशीन कोड (प्रोसेसरला थेट कळणाऱ्या सूचना) चालवून दाखवला. झेडशेल नावाचा तो प्रोग्रॅम. त्याआधीचे खेळ कॅल्क्युलेटरच्या संथ बेसिक भाषेत होते. आता ते थेट प्रोसेसरशी बोलू लागले आणि ठोकळे, साप, विमाने सुरळीत हलू लागली. पुढे १९९९ च्या टीआय-८३ प्लसमध्ये कंपनीनेच मशीन कोड चालवण्याची आज्ञा दिली आणि 'पझल पॅक' नावाचा कोड्यांचा संचही वाटला. त्यातला 'ब्लॉक ड्यूड' हा ठोकळे रचत दारापर्यंत जायचा खेळ अनेकांच्या आजही हातात बसलेला आहे.

टीआय-८३ प्लसमध्ये ६ मेगाहर्ट्झचा झेड८० प्रोसेसर, ९६ बाय ६४ ठिपक्यांचा काळा-पांढरा पडदा, वापरायला २४ केबी रॅम आणि १६० केबी फ्लॅश मेमरी असते. २००४ च्या टीआय-८४ प्लसमध्ये वेग १५ मेगाहर्ट्झ झाला, मेमरी वाढली आणि यूएसबी आले. २०१५ च्या टीआय-८४ प्लस सीईला ३२० बाय २४० चा रंगीत पडदा आणि चार्ज होणारी बॅटरी मिळाली. आपल्याकडे पाहुण्यांच्या बॅगेतून येणारी यंत्रे बहुधा याच तीन पिढ्यांतली असतात, म्हणून पुढचा तपशील मुख्यतः त्यांचा आहे.

कळांवर लिहून

ही पद्धत सर्वात जुनी, सर्वात हळू आणि शिकणाऱ्यासाठी सर्वात मोलाची आहे. तिला ना वायर लागते ना संगणक. प्रोग्रॅमची कळ दाबून नवे नाव द्यायचे (८ अक्षरांपर्यंत) आणि लिहायला लागायचे. नवा माणूस इथे पहिल्या ओळीलाच अडखळतो. 'डिस्प' ही पडद्यावर मजकूर दाखवणारी आज्ञा तो अक्षर-अक्षर जोडून लिहितो आणि यंत्र सिंटॅक्सची (आज्ञा लिहिण्याच्या नियमाची) चूक दाखवते. टीआयच्या बेसिकमध्ये आज्ञा अक्षरांनी लिहायची नसते, मेनूतून उचलायची असते. पडद्यावर चार अक्षरे दिसली तरी आत तिची एक-दोन बाइटची एकच खूण साठते.

सुरुवातीला फुली-गोळा घ्यावा. त्याची मजा अशी की पट कॅल्क्युलेटरवर आधीच छापलेला आहे. ७-८-९, ४-५-६, १-२-३ या कळा म्हणजेच तीन बाय तीनचे घर. कोणती कळ दाबली हे 'गेटकी' ही आज्ञा आकड्याने सांगते आणि त्या आकड्यात कळफलकावरची ओळ आणि स्तंभ दडलेले असतात. ७ च्या कळेचा आकडा ७२, ८ चा ७३, ९ चा ७४. खालच्या ओळीत ८२, ८३, ८४ आणि त्याखाली ९२, ९३, ९४. दशकाच्या अंकातून ६ वजा केले की पटावरची ओळ मिळते, एककाच्या अंकातून १ वजा केला की स्तंभ. नऊ 'इफ' (जर-तर) लिहिण्याऐवजी दोन ओळींत काम होते.

पट ठेवायला तीन बाय तीनची मॅट्रिक्स (आकड्यांचा तक्ता) घ्यायची. फुलीला १, गोळ्याला उणे १, रिकाम्या घराला ०. कुठल्याही ओळीची, स्तंभाची किंवा कर्णाची बेरीज ३ आली तर फुली जिंकली, उणे ३ आली तर गोळा. सेकंड पीयूसीच्या गणितात मॅट्रिक्स सगळेच शिकतात आणि ती कशाला शिकायची हेही सगळेच विचारतात. हा खेळ लिहिताना त्याचे एक उत्तर हाताला लागते. खेळ लूपमध्ये (त्याच त्या आज्ञांच्या फेऱ्यात) अडकला तर ऑनची कळ दाबून बाहेर पडता येते.

या नोंदीचे स्पष्ट मत असे, की दुसऱ्याचा तयार खेळ टाकण्याआधी स्वतःचा एक खेळ, कितीही साधा असो, असा लिहून पाहावा. आज हातात असणाऱ्या यंत्रांपैकी बहुतेकांचा तळ दिसतच नाही. इथे तो दिसतो.

वायरीने

टीआय-८३ प्लस आणि ८४ प्लसच्या कडेला २.५ मिलिमीटरचे गोल भोक असते. दोन कॅल्क्युलेटर त्या वायरीने जोडायचे, घेणाऱ्याने आधी 'रिसीव्ह' करून थांबायचे आणि मग देणाऱ्याने खेळ निवडून पाठवायचा. क्रम उलटा झाला तर खेळ जात नाही. जुना कॅल्क्युलेटर हाती आला तरी सोबतची वायर बहुतेक वेळा हरवलेली असते. गाण्यांची नेहमीची ऑक्स वायर चालत नाही, कारण तिची पिन ३.५ मिलिमीटरची असते. काही जुन्या नोकिया फोनच्या इअरफोनची पिन मात्र २.५ मापाची असे. वायर करून घ्यायची झाल्यास तीन कप्प्यांच्या दोन पिना घ्याव्यात. टोक टोकाला, मधली कडी कडीला आणि मागचा भाग मागच्या भागाला, असे सरळ जोडावे, उलटापालट करू नये. मोबाइल दुरुस्तीच्या दुकानात ज्याच्याकडे बारीक सोल्डरिंग आहे त्याला हे अवघड नाही. टोक आणि कडी एकमेकांना चिकटलेली नाहीत ना, हे मल्टिमीटरने पाहून मगच वायर यंत्रात घालावी.

संगणकावरून

टीआय-८४ प्लस सीईला ते गोल भोक नाही, मिनी-यूएसबी आहे. मायक्रो नव्हे आणि सी-टाइपही नव्हे. ही वायर जुन्या डिजिटल कॅमेऱ्याबरोबर किंवा पोर्टेबल हार्ड डिस्कबरोबर येत असे, त्यामुळे घरातला एखादा खण उपसला तर मिळूनही जाते. फक्त चार्जिंगची असेल तर यंत्र चार्ज होते, संगणकाला मात्र दिसत नाही.

टीआय कनेक्ट सीई हा कंपनीचा मोफत प्रोग्रॅम संगणकावर बसवायचा, फाइल त्यात ओढायची आणि पाठवायची. जुन्या ८३ प्लस आणि ८४ प्लसवर मशीन कोडचे खेळ मिराजओएस किंवा डोअर्स सीएससारख्या मांडणी-कार्यक्रमातून (खेळांची यादी दाखवून ते चालवणाऱ्या प्रोग्रॅममधून) सुरू केले जातात. सीईवर त्याच कामाला सीझियम आहे, आणि सी भाषेत लिहिलेल्या खेळांना त्यांच्या लायब्ररीच्या (त्यांना लागणाऱ्या तयार कोडच्या) फाइली वेगळ्या टाकाव्या लागतात. खेळ पाठवला पण चालत नाही या तक्रारीचे एक नेहमीचे कारण या राहिलेल्या लायब्ररी असतात.

दुसरे कारण कंपनीचे आहे. परीक्षेच्या वेळी मेमरी झाकणारी सोय मशीन कोडने चुकवता येते असे उघड झाल्यावर टीआयने २०२० मध्ये सीईच्या आतल्या सॉफ्टवेअरच्या नव्या आवृत्तीतून मशीन कोड चालवण्याची सोय काढून टाकली. काही महिन्यांतच हौशी प्रोग्रॅमरांनी आर्टिफाइस नावाची पळवाट काढली आणि नव्या आवृत्तीच्या यंत्रांवर खेळ पुन्हा चालू लागले. मोजक्या लोकांच्या लबाडीसाठी शिकणाऱ्या सगळ्यांचे दार बंद करणे योग्य नव्हते. जुन्या आवृत्तीचा सीई मिळाला असेल तर तो विनाकारण अपडेट करू नये.

कॅसिओचा मार्ग यापेक्षा सोपा आहे. २०१७ चा एफएक्स-सीजी५० संगणकाला जोडून एफ१ दाबले की तो पेनड्राइव्हसारखा उघडतो. खेळाची फाइल आत टाकायची, 'इजेक्ट' करून वायर काढायची. मुख्य मेनूत नवे चिन्ह येते. सीडी-पेनड्राइव्हच्या काळात मोबाइलच्या कार्डात गाणी भरून घेतलेल्या कोणालाही हे सांगावे लागत नाही.

मेमरी

टीआयवरचा खेळ दोन ठिकाणी राहू शकतो, रॅममध्ये किंवा फ्लॅशच्या 'आर्काइव्ह'मध्ये. रॅम बेभरवशाची. एखादा फसलेला खेळ यंत्र लटकवतो, सेल काढून घालावे लागतात आणि 'रॅम क्लिअर्ड' असे येते. रॅममधले सगळे गेलेले असते. म्हणून जपायचे ते आर्काइव्हमध्ये टाकावे. मेमरीच्या यादीत अशा नावाशेजारी चांदणी दिसते. ८३ प्लस आणि ८४ प्लसवर आर्काइव्हमधला बेसिक प्रोग्रॅम थेट चालत नाही, आधी परत रॅममध्ये आणावा लागतो. हा त्रास वाचवण्यासाठीच मांडणी-कार्यक्रम उपयोगी पडतात. फ्लॅशमधली मोकळी जागा गोळा करायची का असे यंत्राने विचारले तर हो म्हणावे आणि ते संपेपर्यंत सेलला हात लावू नये.

सॅटसारख्या (अमेरिकेतल्या कॉलेजप्रवेशाच्या) परदेशी परीक्षांना ग्राफिंग कॅल्क्युलेटर चालतो, म्हणून बाहेर शिकायला निघालेली मुले तो घेऊन ठेवतात. डिजिटल सॅटमध्ये डेसमॉसचा आलेख काढणारा कॅल्क्युलेटर पडद्यावरच मिळू लागल्यापासून ती निकडही कमी झाली आहे. काही परीक्षांत यंत्र परीक्षा-स्थितीत ठेवावे लागते. तेव्हा खेळ झाकले जातात, आणि टीआय-एनस्पायरसारख्या यंत्रांवर एक दिवा लुकलुकत राहतो.

देवनागरी

यापैकी कुठल्याही टीआय यंत्रात देवनागरी नाही. ८३ प्लसच्या साध्या पडद्यावर १६ अक्षरांच्या ८ ओळी मावतात, त्याही रोमनच. त्यामुळे इकडच्या मुलांनी लिहिलेल्या खेळात प्रश्न मराठी असला तरी लिपी मोबाइलवरच्या चॅटसारखी होते. यावर एक उपाय आहे आणि तो करून पाहण्यासारखा आहे. आलेखाच्या पडद्यावर ठिपका-ठिपका पेटवून अक्षर काढता येते. बेसिकला तिथे ६३ ओळी आणि ९५ स्तंभ वापरता येतात. वेलांटी, रफार, उकार धरून वाचता येईल असे अक्षर काढायला उंची १६ ठिपक्यांच्या आसपास लागते, म्हणजे एका पडद्यावर मराठीच्या तीन ओळी आरामात बसतात. आधी चौकटीच्या वहीत शिरोरेषा आखून अक्षर काढावे. 'बेळगाव'मधला 'ळ' या मापात सर्वात चिवट, त्याच्या दोन गाठींमध्ये निदान एक ठिपका मोकळा सोडला नाही तर त्याचा नुसता ठसा उमटतो. एक-एक ठिपका प्रोग्रॅमने पेटवायला वेळ लागतो, म्हणून चित्र एकदाच काढून 'पिक' म्हणून साठवावे. ते ७५६ बाइट घेते, आणि खेळ सुरू होताना एका आज्ञेने क्षणात पडद्यावर येते. असे चित्र खेळाबरोबर वायरीने मित्राच्या यंत्रातही पाठवता येते. फक्त पाठवताना प्रोग्रॅमच्या नावाबरोबर पिकचे नावही निवडायला विसरू नये.