दशांश चिन्ह: गुणाकारात शेवटी, भागाकारात आधी

७.५६ ÷ ०.१२ हे गणित सोडवलेल्या वह्या चाळल्या, तर एक उत्तर हमखास सापडतं: ०.००६३. ते येतं कसं, हे पाहण्यासारखं आहे. दोन्ही संख्यांतली दशांश चिन्हं बाजूला ठेवली, ७५६ ला १२ ने भागलं, ६३ आले. इथवर सगळं बरोबर. मग वर दोन घरं, खाली दोन घरं, एकूण चार, असं मोजून ६३ च्या उजवीकडून चार घरं सोडून चिन्ह दिलं. पाढा चुकला नाही, वजाबाकी चुकली नाही, तरी उत्तर दहा हजार पटींनी चुकलं. बरोबर उत्तर नुसतं ६३ आहे.

ही आळशी मुलाची चूक नव्हे. नियम नीट पाठ केलेल्यानेच ती करावी अशी आहे, फक्त तो नियम गुणाकाराचा आहे. दोन्हीकडे सुरुवात एकसारखी दिसते: चिन्ह विसरा आणि पूर्णांकांसारखं गणित करा. पुढे मात्र दोन्ही वाटा वेगळ्या होतात.

आधी गुणाकार. ०.६ × ०.१२ साठी आपण ६ × १२ = ७२ करतो. ०.६ चे ६ केले तेव्हा ती संख्या दहापट झाली, ०.१२ चे १२ केले तेव्हा दुसरी शंभरपट झाली. दोन्ही वाढी गुणाकारात शिरल्या, म्हणून ७२ हे खऱ्या उत्तराच्या हजारपट आहेत. हजारपट झालेलं खाली आणायचं, तर चिन्ह तीन घरं डावीकडे घ्यावं लागतं: ०.०७२. एक घर आणि दोन घरं मिळून तीन, हा मोजणीचा नियम इथूनच निघतो. सुरुवातीला घेतलेली उसनवारी शेवटी फेडायची, एवढाच त्याचा अर्थ.

भागाकारात फेडायला काही उरतच नाही. ७.५६ मीटर लांबीच्या पट्टीचे ०.१२ मीटरचे तुकडे करायचे आहेत असं समजा. तीच पट्टी सेंटीमीटरमध्ये मोजली तर ७५६ सेंटीमीटरची होते आणि तुकडा १२ सेंटीमीटरचा. पट्टी तीच, तुकडा तोच, मग तुकड्यांची संख्या बदलेल कशी? ती ६३ च राहणार. अपूर्णांकाच्या भाषेत ही सममूल्य अपूर्णांकाचीच गोष्ट आहे. अंशाला आणि छेदाला एकाच संख्येने गुणलं की किंमत बदलत नाही. भाज्य म्हणजे अंश, भाजक म्हणजे छेद.

म्हणून भागाकारात चिन्हाचं काम भागायला बसण्यापूर्वीच उरकायचं. भाजक पूर्णांक होईपर्यंत त्याचं चिन्ह उजवीकडे सरकवायचं आणि भाज्याचं चिन्हही तेवढीच घरं सरकवायचं. किती घरं, हे भाजक ठरवतो. भाज्यात किती दशांश स्थळं आहेत, याच्याशी त्याचा संबंध नाही. माझ्या मते सगळ्यात जास्त गोंधळ इथेच होतो, कारण गुणाकारात दोन्ही संख्यांना समान मान असतो आणि इथे भाजकाचंच चालतं.

उदाहरणार्थ ४.९१४ ÷ १.३. भाजकात एक दशांश स्थळ, म्हणून दोन्ही चिन्हं एकेक घर सरकवली: ४९.१४ ÷ १३. भाज्यात अजून चिन्ह आहे, त्याला हात लावायची गरज नाही. उत्तराच्या जागी, भाज्यातल्या चिन्हाच्या बरोबर वर, आत्ताच चिन्ह मांडून ठेवा आणि मग भाग लावा. ४९ मध्ये १३ तीन वेळा, ३९ गेले, उरले १०. चिन्ह ओलांडून १ खाली घेतला, १०१ झाले. १३ साते ९१, उरले १०. ४ खाली घेतला, १०४ झाले. १३ आठे १०४, बाकी शून्य. उत्तर ३.७८. शेवटी घरं मोजायची नाहीत, चिन्ह आधीच जागेवर बसलेलं आहे.

इथे कुणी दोन्ही संख्या पूर्णांक करण्याच्या हट्टाने ४९१४ ÷ १३०० केलं, तर चुकणार काहीच नाही, फक्त दमछाक होईल. पण दोघांची चिन्हं नुसतीच पुसून ४९१४ ÷ १३ केलं, तर उत्तर ३७८ येईल. एक संख्या हजारपट आणि दुसरी दहापट केली, त्यामुळे तराजू कलला.

भाज्यातली घरं अपुरी पडली तर शून्य जोडायचं. २.१ ÷ ०.०३५ मध्ये भाजकाला तीन घरं सरकावं लागतं, म्हणून २.१ चे २१०० होतात आणि ३५ ने भागून ६० येतात. आणखी एक शून्य बरेचदा निसटतं, ते उत्तराच्या मधलं. १.२३६ ÷ ०.६ म्हणजे १२.३६ ÷ ६. इथे १२ ला भाग गेला, पुढचे ३ खाली घेतले, त्यात ६ चा भाग जात नाही. त्या घरावर शून्य लिहायलाच हवं, तेव्हा २.०६ मिळतं. ते गाळलं की २.६ होतं.

बाकीची गोष्ट थोडी वेगळी आहे आणि ती फारसं कुणी सांगत नाही. ८ मीटरच्या पट्टीचे ०.३ मीटरचे पूर्ण तुकडे किती? ८० ÷ ३ केलं, भागाकार २६, बाकी २. तुकडे २६ हे बरोबर, पण उरलेली पट्टी २ मीटर नाही. तसं असतं तर तिच्यातून आणखी सहा तुकडे निघाले असते! ते २ डेसिमीटर आहेत, म्हणजे ०.२ मीटर. पडताळा घ्या: २६ × ०.३ = ७.८, आणि ८ मधून ७.८ गेले की ०.२. तुकड्यांच्या संख्येला एकक नसतं, म्हणून ती बदलत नाही. बाकी मात्र पट्टीचाच भाग असते, म्हणून तिचं चिन्ह परत आणावं लागतं. भागाकारात फेड करायचीच असेल, तर ती फक्त इथे.

गंमत म्हणजे दोन्ही रीती एकाच सूत्रात बसवता येतात. फ्लेमिश गणिती सायमन स्टेव्हिन यांनी १५८५ मध्ये दशांश अपूर्णांकांवर एक छोटी पुस्तिका प्रसिद्ध केली. त्यांच्या लेखनात चिन्हाऐवजी प्रत्येक अंकाजवळ वर्तुळातला क्रमांक असे. गुणाकारात शेवटच्या अंकांच्या क्रमांकांची बेरीज करायची, भागाकारात वजाबाकी, असा त्यांचा नियम होता. आपल्या पहिल्या गणिताला तो लावून पाहा: भाज्याची दोन स्थळं वजा भाजकाची दोन, शून्य. म्हणून ६३ ला चिन्ह नाही. ४.९१४ ÷ १.३ मध्ये तीन वजा एक, दोन. म्हणून ३७८ चे ३.७८. ज्याने चार घरं मोजली त्याने वजाबाकीच्या जागी बेरीज केली, इतकंच.

तरीही भागताना मी चिन्ह आधी सरकवण्याचीच रीत वापरतो. भाग पूर्ण जात नसेल, पुढे शून्यं घेत जावं लागत असेल, तेव्हा स्थळांची वजाबाकी सांभाळणं कटकटीचं होतं. वर मांडून ठेवलेलं चिन्ह मात्र हलत नाही. शिवाय भाग लावण्याआधी एक नजर टाकावी: भाजक १ पेक्षा लहान असेल, तर उत्तर भाज्यापेक्षा मोठं यायला हवं. ०.१२ चा तुकडा ७.५६ मध्ये एकदाही बसू नये, हे शक्यच नाही. ०.००६३ हे उत्तर तिथेच पकडलं जातं.