पार्श्वभूमी : ‘वर्ड इज आउट’ आणि ‘कबुली’ हा शब्द

१९६१ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या एका सार्वजनिक वाहिनीने समलैंगिक पुरुषांना चेहरा न लपवता बोलू दिलं होतं, पण बराचसा वेळ तज्ज्ञांनीच घेतला. मार्च १९६७ मध्ये अमेरिकाभर दिसलेल्या टीव्ही कार्यक्रमात एक जण कुंडीतल्या झाडाच्या पानांआडून बोलतो. दुसऱ्याने नाव बदललं, पण चेहरा दाखवला. दुसऱ्याच दिवशी त्याची हॉटेलातली नोकरी गेली.

मग १९७७ च्या डिसेंबरात ‘वर्ड इज आउट’ हा माहितीपट आला. तीन पुरुष आणि तीन स्त्रियांच्या गटाने सुमारे दोनशे जणांशी आधी बोलून त्यातले २६ समलैंगिक स्त्री-पुरुष निवडले. दोन तासांहून मोठ्या या माहितीपटात निवेदक नाही, डॉक्टरही नाही. एक पत्रकार जुन्या बारमध्ये सगळे मिळून गात ते गाणं सांगता सांगता गहिवरतो. तो क्षण कापलेला नाही, हे फार मोलाचं आहे.

आपण समलैंगिक आहोत हे असं उघड सांगण्याला मराठी बातम्यांत हमखास ‘कबुली दिली’ म्हणतात. कबुली पोलिसांपुढे देतात, चूक झाल्यावर देतात. १९६७ च्या कार्यक्रमाची मांडणी खरोखर तशीच होती : एकाने बोलायचं आणि मनोविकारतज्ज्ञाने निवाडा द्यायचा. १९७३ मध्ये अमेरिकेतल्या मनोविकारतज्ज्ञांनी समलैंगिकता आजारांच्या यादीतून काढली. १९७६ पासून कॅलिफोर्नियात ती गुन्हाही राहिली नाही. मग कबूल काय करायचं? सैन्यातल्या चौकशा, घरच्यांनी मनोरुग्णालयात टाकणं, हे माहितीपटात ऐकताना जाब इतरांनीच द्यायला हवा असं वाटतं. ‘जाहीर केलं’ म्हणावं तर त्यात सभेचा वास येतो. ‘सांगितलं’ एवढंच पुरे आहे.

सांगणं सोपं मात्र नव्हतं. १९७७ च्याच जूनमध्ये फ्लोरिडाच्या एका काउंटीत मतदारांनी समलैंगिकांना संरक्षण देणारा नियम रद्द केला होता. तरीही १९७८ मध्ये हा माहितीपट सार्वजनिक दूरचित्रवाणीवर गेला. तो बनवणाऱ्या सहांपैकी एकाच्या १९८४ च्या माहितीपटाला ऑस्कर मिळालं, आणि २०२२ मध्ये ‘वर्ड इज आउट’ अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत आला.

आपल्याकडे समलैंगिक संबंधांना गुन्हा ठरवणारा कलम ३७७ चा भाग सप्टेंबर २०१८ मध्ये गेला. त्याच्या कितीतरी आधी, १९९९ मध्ये, अमेरिकेत शिकणाऱ्या एका भारतीय तरुणाने भेटीला आलेल्या आईला कॅमेऱ्यासमोरच सांगितलं होतं.